वकीलपत्र कोणाचं आहे, तेवढं पट्टीवर लिहा

प्रति,
मराठी वृत्तवाहिन्यांचे संपादक आणि संध्याकाळच्या चर्चांचे निर्माते
(प्रत माहितीसाठी: बार कौन्सिल ऑफ महाराष्ट्र अँड गोवा)

सप्रेम नमस्कार,

मी जिल्हा न्यायालयात वकिली करतो. दिवाणी कामं जास्त, फौजदारी थोडी. हे पत्र तुमच्या पडद्यावर संध्याकाळी सहानंतर दिसणाऱ्या माझ्या व्यवसायबंधूंबद्दल आहे. ज्यांच्या नावाखाली 'कायदेतज्ज्ञ' अशी पट्टी येते, त्यांच्याबद्दल. लिहितोय मात्र तुम्हाला, कारण ती पट्टी तुम्ही लिहिता.

वकिलानं टीव्हीवर जाऊच नये, असं माझं मत नाही. आमच्या बार रूममध्ये, म्हणजे कोर्टातल्या वकिलांच्या खोलीत, तसं म्हणणारे पुष्कळ आहेत. त्यातल्या बऱ्याच जणांना कधी बोलावणं आलेलं नसतं, हेही खरं. नियमही तसं म्हणत नाहीत. बार कौन्सिल ऑफ इंडिया ही वकिलांचे नियम ठरवणारी संस्था. तिच्या नियमांत ५१ क्रमांकाचा एक नियम आहे. वकिली सांभाळून आणखी काय काय करता येतं, ते त्यात सांगितलंय: विधेयकांचं परीक्षण, कायद्याच्या पुस्तकांचं संपादन, परीक्षेचे पेपर काढणं नि तपासणं, आणि त्याच दमात प्रसारण, पत्रकारिता, व्याख्यानं, अध्यापन. यातल्या शेवटच्या चार कामांना अटी दोनच. जाहिरातबंदी मोडायची नाही आणि पूर्णवेळ नोकरी धरायची नाही. म्हणजे कॅमेऱ्यासमोर बसून कायदा समजावणं हे वकिलाचं राजरोस काम आहे.

याच नियमांत जरा आधी नियम ३६ येतो, जाहिरातबंदीचा. उघड किंवा आडवाटेनं कामं मागायची नाहीत हे त्यात आहेच. पण ज्या खटल्यात आपण वकील आहोत किंवा होतो, त्याबद्दल वर्तमानपत्रांना मजकूर पुरवायचा नाही, दुसऱ्याकरवी छापून आणायचा नाही, फोटो द्यायचे नाहीत, असंही त्यात आहे. तो नियम लिहिला तेव्हा खासगी वाहिन्या नव्हत्या, म्हणून शब्द वर्तमानपत्राचा आहे. रोख कळायला अडचण येऊ नये.

आता हे दोन नियम शेजारी ठेवून वाचा. ज्याचं त्या खटल्यात वकीलपत्र नाही, त्यानं टीव्हीवर येऊन खटला खुशाल समजावावा. ज्याचं वकीलपत्र आहे, त्यानं जपून बोलावं, शक्यतो बोलूच नये. तुमच्याकडे नेमकं उलटं चालतं. वकीलपत्र असलेला माणूस तुम्हाला सगळ्यात आधी हवा असतो, कारण तो तावातावानं बोलतो. तो मिळाला नाही तर एखाद्या पक्षाच्या कायदा आघाडीतला वकील चालतो. त्या खटल्याशी काही देणंघेणं नसलेला, निकाल वाचून आलेला वकील तुमच्या लेखी सगळ्यात बेचव. आणि पडद्यावर हे तिघे शेजारी बसले, की तिघांच्याही खाली एकच शब्द: कायदेतज्ज्ञ. प्रेक्षकाला कसं कळावं, यातला कोण पक्षकाराच्या वतीनं बोलतोय आणि कोण कायद्याच्या पुस्तकातून?

बोलावणं कसं येतं, तेही सांगतो. साडेपाचला फोन. आवाज तरुण आणि घाईतला. सातच्या आत त्या पोरांना चार चौकटी भरायच्या असतात. "सर, आजच्या निकालावर दहा मिनिटं मिळतील का?" निकाल वाचलाय का, हे विचारत नाहीत. विचारतात ते, "सर, तुम्ही बाजूनं बोलणार की विरोधात?" मी एकदा म्हटलं, निकालाची प्रत अजून कोर्टाच्या संकेतस्थळावर चढलेली नाही, ती वाचल्यावर बाजू सांगतो. पलीकडून शांतपणे उत्तर आलं, "मग सर, विरोधातलं दुसरं कोणी सुचवता का?" त्या पोरांवर माझा राग नाही. त्यांना रकाने भरायचे असतात, आणि रकाने तुम्ही आखलेले असतात.

११ मे २०२३ आठवून बघा. शिवसेनेच्या फुटीवर सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाचा निकाल त्या दिवशी होता. त्याआधी कितीतरी दिवस तुमच्या चर्चांना एकच मथळा होता: सरकार राहणार की जाणार? वकिलांना बोलावून तुम्ही हाच प्रश्न विचारत होतात आणि वकील उत्तरं देत होते. सोळा आमदार अपात्र ठरतील, ठरणार नाहीत, ठाकरे परत येतील, येणार नाहीत. निकाल आला तो यातल्या कुठल्याच खणात नीट बसणारा नव्हता. बहुमत चाचणी बोलावण्याचा राज्यपाल कोश्यारींचा निर्णय चुकीचा होता, असं न्यायालय म्हणालं. भरत गोगावले यांची प्रतोद, म्हणजे आमदारांना पक्षादेश बजावणारा, म्हणून झालेली नेमणूक बेकायदा ठरवली. पण उद्धव ठाकरे यांनी २९ जून २०२२ ला चाचणीला सामोरं न जाता राजीनामा दिला होता, म्हणून जुनी स्थिती परत आणता येत नाही, असंही सांगितलं. अपात्रतेचा निर्णय विधानसभा अध्यक्षांकडे, वाजवी मुदतीत. आणि नबाम रेबिया प्रकरणातला प्रश्न, म्हणजे अध्यक्षांना हटवण्याची नोटीस दिलेली असताना त्यांना अपात्रता ठरवता येते का, हा सात न्यायमूर्तींकडे पाठवला.

यात समजावण्यासारखं केवढं होतं! नियमबाह्य पावलातून घडलेली गोष्टही न्यायालय उलटी का फिरवू शकत नाही? राजीनाम्याला एवढं महत्त्व का आलं? प्रतोद पक्ष नेमतो की विधिमंडळातला गट, या एका प्रश्नावर पुढचं सगळं प्रकरण का फिरणार होतं? पुढे तसंच झालं. अध्यक्ष राहुल नार्वेकर यांनी १० जानेवारी २०२४ ला निर्णय दिला तेव्हा मूळ वाद पुन्हा पक्ष कोणाचा नि प्रतोद कोणाचा याच गाठीवर येऊन थांबला, आणि अपात्र कोणीच ठरलं नाही. पण निकालाच्या संध्याकाळी तुमच्या पडद्यावर दोन्ही गट जिंकले होते. एका चौकटीतला वकील नैतिक विजय सांगत होता, शेजारच्या चौकटीतला कायदेशीर विजय. ज्यांनी आदल्या आठवड्यात सरकार पडतं म्हणून छातीठोकपणे सांगितलं होतं, त्यांना कोणी विचारलं नाही की वकीलसाहेब, तुमचा अंदाज का फसला? अंदाज चुकणं गुन्हा नाही. आम्ही रोज चुकतो, त्याला अपील म्हणतात. पण अंदाज हा कायदा म्हणून विकायचा आणि चुकल्यावर पुढच्या अंदाजासाठी त्याच माणसाला बोलवायचं, हा तुमचा व्यवहार आहे.

गंमत अशी, की याच खटल्यापासून प्रेक्षकाला तुमची तशी गरज उरली नव्हती. २७ सप्टेंबर २०२२ ला घटनापीठांच्या कामकाजाचं थेट प्रक्षेपण सुरू झालं आणि पहिल्याच दिवशी दिसलेल्या प्रकरणांत हे होतं. गावोगावचे लोक मोबाइलवर सिब्बल, सिंघवी, साळवे, कौल ऐकत बसले. चौकातल्या पानाच्या टपरीवर दहाव्या परिशिष्टाच्या, म्हणजे पक्षांतरबंदी कायद्याच्या, गप्पा मी स्वतःच्या कानांनी ऐकल्या आहेत. लोकांना भांडण दिसत होतं. कळत नव्हतं ते त्यातलं कायद्याचं काम. ते सांगणारा माणूस हवा होता.

तसा एक माणूस होता. दिल्लीत सर्वोच्च न्यायालयात वकिली करणारे सिद्धार्थ शिंदे. सप्टेंबर २०२५ मध्ये ते गेले, पन्नाशीही गाठली नव्हती. शिवसेना, राष्ट्रवादी, मराठा आरक्षण, ओबीसींचं राजकीय आरक्षण, स्थानिक स्वराज्य संस्थांच्या रखडलेल्या निवडणुका, यातलं काहीही दिल्लीत बोर्डावर, म्हणजे कोर्टाच्या त्या दिवसाच्या यादीत, आलं, की संध्याकाळी मराठी घरांत त्यांचा चेहरा दिसायचा. आज कोर्टात काय झालं, कोणत्या मुद्द्यावर अडलं, पुढची तारीख कधी, आणि त्या तारखेला काय होऊ शकतं नि काय होऊच शकत नाही. एवढंच. आवाज चढलेला मला आठवत नाही. ते गेले तेव्हा माझ्या पक्षकारांनी, ज्यांना मुंबईतल्या एकाही बड्या वकिलाचं नाव सांगता येणार नाही अशांनी, "ते दिल्लीचे शिंदे वकील गेले म्हणे" असं मला येऊन सांगितलं. ही कमाई तुमच्याच पडद्यावर झाली, म्हणून आठवण देतो. साधं बोलणारा वकील चालत नाही, हे तुमचं म्हणणं तुमच्याच अनुभवानं खोटं ठरलं आहे.

मोठे राजकीय खटले सोडा, आमच्या पातळीवर काय होतं ते सांगतो. ११ ऑगस्ट २०२० ला सर्वोच्च न्यायालयानं विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा या प्रकरणात निकाल दिला. वडिलार्जित एकत्र मिळकतीत मुलीला जन्मानंच मुलाइतका हक्क, आणि त्यासाठी ९ सप्टेंबर २००५ ला, म्हणजे हा हक्क देणारी दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी, बाप हयात असण्याची गरज नाही. महाराष्ट्रात शेतजमिनीच्या वाटपाचे दावे ज्या संख्येनं चालतात, ते बघता या राज्यातल्या घराघरांत शिरणारा निकाल त्या वर्षात दुसरा नसेल. तुमचा तो ऑगस्ट कशात गेला? सुशांतसिंह राजपूतमध्ये. तपास सीबीआयकडे जाणार का, यावर वकिलांच्या चौकटी रात्री अकरापर्यंत. विनीता शर्मा निकालाला मिळाली ती 'मुलींना समान हक्क' अशी एक पट्टी आणि काही मिनिटं.

ती पट्टी वाचून बाया आमच्याकडे आल्या. बरोबर आल्या, हक्क होताच. पण २० डिसेंबर २००४ च्या आधी झालेलं वाटप किंवा विक्री कायद्यानं अबाधित ठेवली आहे, हे त्यांना कोणी सांगितलं नव्हतं. बापानं स्वतःच्या कष्टाच्या पैशातून घेतलेली जमीन आणि आजोबांकडून आलेली जमीन यात फरक आहे, हे सांगितलं नव्हतं. 'आमचं तोंडी वाटप झालंय' असं म्हणणाऱ्या भावाचं म्हणणं न्यायालय आता सहजासहजी मानणार नाही, ही बहिणींच्या फायद्याची गोष्टही सांगितली नव्हती. महाराष्ट्रानं मुलींना सहदायाद, म्हणजे एकत्र मिळकतीत जन्मानं वाटेकरी, करणारी दुरुस्ती १९९४ मध्येच केली होती आणि त्यातून आधी लग्न झालेल्या मुली वगळल्या होत्या. त्या मुली आता साठीच्या आसपास आहेत आणि सगळ्यात जास्त प्रश्न त्यांचेच. एका चांगल्या दिवाणी वकिलाला अर्धा तास दिला असता तर हे सगळं सांगून झालं असतं. त्याऐवजी पुढची दोन-तीन वर्षं आम्ही एकेकीला टेबलापलीकडे बसवून हे सांगत होतो आणि "पण टीव्हीवरचे वकील तर म्हणाले" हे ऐकत होतो.

तीच गत तोंडी शेऱ्यांची. न्यायमूर्ती सुनावणीत वकिलाला प्रश्न विचारतात. कधी मुद्दाम उलटा प्रश्न टाकून युक्तिवादाचा कस बघतात. तुमच्याकडे लगेच ब्रेकिंग: 'सर्वोच्च न्यायालयानं झापलं', 'ओढले ताशेरे'. मग चर्चेला चार वकील. २०२१ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाच्या अशाच एका शेऱ्यावरून, निवडणूक आयोगाच्या अधिकाऱ्यांवर खुनाचा गुन्हा नोंदवायला हवा या अर्थाच्या, प्रकरण थेट सर्वोच्च न्यायालयात गेलं. ६ मे २०२१ च्या निकालात न्यायालयानं तुमचीच बाजू घेतली. सुनावणीतलं बोलणं छापायला, दाखवायला माध्यमांना रोखता येणार नाही, म्हणाले. पण त्याच निकालात हेही आहे, की तोंडी शेरा हा निकालाचा भाग नाही, तो कोणालाही बांधत नाही. पहिलं वाक्य तुम्ही पाठ केलंत. दुसरं वाक्य प्रेक्षकाला सांगणं हे स्टुडिओतल्या वकिलाचं पहिलं काम, आणि तोच त्या शेऱ्यावर सर्वात जास्त बोलतो.

आता गेटबाहेरच्या कॅमेऱ्यांकडे येतो. तिथे विषय नाजूक आहे, कारण आदराच्या माणसाचं नाव घ्यावं लागणार. उज्ज्वल निकम यांनी सरकारी वकील म्हणून महाराष्ट्राचे मोठे खटले चालवले. बॉम्बस्फोट, २६ नोव्हेंबरचा हल्ला. कोर्टातून बाहेर पडताना माइकसमोर थांबण्याची रीतही मराठी प्रेक्षकाला त्यांनीच घालून दिली. कसाब खटला चालू असताना त्यानं तुरुंगात बिर्याणी मागितल्याची गोष्ट अशीच बाहेर आली आणि देशभर पसरली. मार्च २०१५ मध्ये जयपूरच्या एका परिषदेत निकम यांनी स्वतःच सांगितलं की कसाबनं बिर्याणी मागितली नव्हती, त्याला ती दिलीही नव्हती. त्याच्याबद्दल हळवं वातावरण तयार होऊ लागलं होतं, ते मोडायला ती गोष्ट आपण रचली. तोवर खटला संपून, अपिलं संपून, नोव्हेंबर २०१२ मध्ये येरवड्यात फाशीही झाली होती. निकालात त्या बिर्याणीचा काही भाग नव्हता. पुरावा भक्कम होता, शिक्षा पुराव्यावरच झाली. पण आजही एखाद्या आरोपीला वकील मिळाला, डॉक्टर मिळाला, की लोक बिर्याणीच आठवतात. कोर्टात असं एक वाक्य कोणी बोललं असतं तर समोरच्या वकिलानं उठून विचारलं असतं, याला आधार काय? गेटबाहेर उलटतपासणी नसते. ती करायला तिथे तुमचे प्रतिनिधी उभे होते.

निकम पुढे २०२४ मध्ये लोकसभेला उभे राहिले, हरले, आणि २०२५ मध्ये राष्ट्रपतींनी त्यांना राज्यसभेवर नेमलं. तो त्यांचा हक्क. माझा मुद्दा एवढाच, की सरकारी वकील, टीव्हीवरचा भाष्यकार आणि पक्षाचा उमेदवार या तीन पायऱ्या एकाच माणसाच्या असू शकतात, आणि तो आज कोणत्या पायरीवरून बोलतोय हे प्रेक्षकाला तुम्हीच सांगायला हवं. हे एकट्या निकमांचं नाही. तुमच्या पॅनेलवर नियमित येणाऱ्यांत पक्षांचे पदाधिकारी किती आहेत, महामंडळांचे, महापालिकांचे, सरकारच्या पॅनेलवरचे वकील किती, ते तुम्हाला ठाऊक आहे. प्रेक्षकाला नाही.

वकील हे करतात कशासाठी? मानधनासाठी नक्कीच नाही. माझ्या ओळखीत जे नियमित जातात त्यांना बहुतेकदा काहीच मिळत नाही. फार तर न्यायला-सोडायला गाडी. मिळतो तो चेहरा. मुंबईत दहा बाय दहाच्या चेंबरमध्ये तिघांत एक टेबल वाटून बसणाऱ्या तरुण वकिलाला जाहिरात करायची मनाई आहे, बोर्डसुद्धा बेताचाच लावायचा असतो. त्याला तुमची चौकट हा एकमेव मोठा बोर्ड दिसतो. तो दोष मी त्याला देत नाही. पण त्या बोर्डासाठी तो हळूहळू तुम्हाला हवं तसं बोलायला शिकतो. पहिल्यांदा आला तेव्हा 'निकाल वाचावा लागेल' म्हणाला होता. पुन्हा बोलावणं आलं नाही, तेव्हा त्याला धडा मिळाला. वर्षभरानं तोच 'हे तर शंभर टक्के टिकणार नाही' असं हात आपटून सांगताना दिसतो. चांगला वकील होता हो. युक्तिवादात 'शंभर टक्के' हा शब्द त्यानं कधी वापरला नसता.

आणि एक बारीकशी गोष्ट, चिडून नव्हे, गमतीनं सांगतो: वकिलाच्या गळ्यातला तो पांढरा बँड. कोर्टाबाहेर सार्वजनिक ठिकाणी, समारंभाचे प्रसंग वगळता, बँड आणि गाऊन घालू नये असा नियम आहे. तुमचे लोक मात्र फोनवर आवर्जून सांगतात, "सर, बँड लावून या, छान दिसतं."

तुमच्यातले काही जण म्हणतील, आपल्याकडे ज्युरी नाही, न्यायाधीश टीव्ही बघून निकाल देत नाहीत, मग बिघडतं कुठे? ज्युरी नाही हे खरं. ती होती तेव्हा, नौदल अधिकारी नानावटींवरच्या खुनाच्या खटल्यात, एका साप्ताहिकानं उठवलेली सहानुभूतीची लाट मुंबईनं पाहिली, ज्युरीनं आठ विरुद्ध एक मतानं त्यांना निर्दोष ठरवलं आणि उच्च न्यायालयाला ते फिरवावं लागलं. पण साक्षीदार तर टीव्ही बघतो ना? आरोपीचा चेहरा आठवडाभर पडद्यावर फिरला, की ओळख परेडला काही किंमत उरत नाही. साक्षीदार जे सांगतो त्यातलं त्यानं पाहिलेलं किती आणि स्टुडिओत ऐकलेलं किती, हे उलटतपासणीत वेगळं काढताना आमचा जीव जातो. त्यात फिर्यादीचंही नुकसान होतं, आरोपीचंही.

मुंबई उच्च न्यायालयानं हे सगळं नीट मांडून ठेवलं आहे. १८ जानेवारी २०२१, निलेश नवलाखा विरुद्ध भारत सरकार. मुख्य न्यायमूर्ती दीपांकर दत्ता आणि न्यायमूर्ती गिरीश कुलकर्णी. राजपूत प्रकरणातल्या वार्तांकनावरचा निकाल. त्यात पाहुण्या वक्त्यांबद्दल वेगळा भाग आहे. न्यायदानात अडथळा येईल असं बोलू नका, हे पाहुण्याला आधी समजावून सांगा, चर्चा मर्यादेबाहेर जाऊ न देणं ही निवेदकाची जबाबदारी आहे, आणि पाहुणा वाहवत चालला तर त्याचा आवाज बंद करणं हा एक मार्ग आहे, असं न्यायालयानंच सुचवलं. तुमच्या कंट्रोल रूममध्ये ते बटण आहे. मी जेवढं पाहतो त्यावरून ते शांत बोलणाऱ्यावर जास्त वापरलं जातं.

अमेरिकेत हा पेशा आपल्या आधी जन्मला. १९९१ मध्ये खटलेच दाखवणारी कोर्ट टीव्ही वाहिनी निघाली, १९९५ मध्ये ओ. जे. सिम्पसनचा खटला देशभर थेट दिसला. ग्रेटा व्हॅन सस्टरन या वकील त्या खटल्याच्या विश्लेषणातून सीएनएनवर स्थिरावल्या आणि पुढे पूर्णवेळ निवेदक झाल्या. त्याच खटल्यात टीव्हीवर बसलेले दोन प्राध्यापक, अर्विन चेमेरिन्स्की आणि माजी सरकारी वकील लॉरी लेव्हेन्सन, यांनी मात्र खटला संपल्यावर लगेच, १९९६ मध्ये, एक दीर्घ लेख लिहिला: खटल्यावर भाष्य करणाऱ्या वकिलानं काय पाळावं. विषयाची जाण हवी, हितसंबंध लपवू नयेत, अशा साध्या गोष्टींवरच त्यांचा भर होता. आपल्याकडे पॅनेलवर वर्षानुवर्षं बसलेल्या एखाद्या वकिलानं असं काही लिहिलेलं माझ्या पाहण्यात नाही.

बार कौन्सिललाही, प्रत पाठवतोच आहे तर, चार शब्द. मार्च २०२५ मध्ये बार कौन्सिल ऑफ इंडियानं वकिलांच्या जाहिराती आणि समाजमाध्यमांवर कायद्याची चुकीची माहिती पसरवणारे, यांच्याविरुद्ध कडक पत्रक काढलं. रील करणाऱ्या पोरांवर ते लागू होतं आणि रात्री नऊच्या चर्चेला नाही, असं कसं? नियम बनवण्याचा अधिकार दिल्लीचा, मान्य. पण नियम ३६ आणि नियम ५१ एकत्र कसे वाचायचे, याचं एक पानाचं मराठी परिपत्रक काढायला राज्य कौन्सिलला कोणी अडवलेलं नाही. ज्या खटल्यात वकीलपत्र आहे त्यावर स्टुडिओत बसता येईल का, एवढ्याच प्रश्नाचं स्पष्ट उत्तर द्या. शिस्तभंगाची कारवाई वगैरे मी मागत नाही. त्या समित्यांपुढे आधीच पुरेसं पडलंय.

तुमच्याकडे मागणं आहे ते बिनखर्चाचं. 'कायदेतज्ज्ञ' हा शब्द काढा. त्याऐवजी लिहा: अमुक, वकील, मुंबई उच्च न्यायालय, या प्रकरणात अमक्या बाजूचं वकीलपत्र. किंवा: या प्रकरणाशी संबंध नाही. किंवा: अमुक पक्षाचे पदाधिकारी. पट्टीत तेवढी जागा असते, सोन्याचा भाव बसतो तर हेही बसेल. निकालाची प्रत आली नसेल तर निवेदकानं तसं सांगावं आणि वकिलालाही सांगू द्यावं. सरकार पडेल का, हा प्रश्न राजकीय पत्रकाराला विचारा, तो त्याचा विषय आहे. आणि निकालाच्या संध्याकाळी जमलं नाही तर दुसऱ्या दिवशी दुपारी, जेव्हा तुमच्याकडे तसंही कालचंच पुन्हा चालू असतं, तेव्हा एका वकिलाला एकट्याला वीस मिनिटं द्या. समोर कोणी नको. निवेदकानं निकालाची पानं हातात घेऊन प्रश्न विचारावेत.

आमच्या जिल्ह्यातून कोणी हवं असेल तर वाटपाच्या आणि कूळकायद्याच्या कामात हयात घालवलेल्या दोघांची नावं मी देऊ शकतो. मराठी उत्तम, कायदा त्याहून उत्तम. अडचण एकच: दोघंही एकमेकांशी भांडणार नाहीत, आणि सोमवारी त्यांचा बोर्ड भरलेला असतो, तेव्हा फोन साडेपाचनंतरच करा.

आपला,
जिल्हा न्यायालयातला एक वकील